चोळीबांगडी

मसुदा पुढ्यात ठेवला तरी आत्यानं पर्समधला चष्मा काढला नाही. चेन्नईच्या थंबू चेट्टी स्ट्रीटवरच्या एका वकिलाच्या कचेरीत तीस वर्षं तिनं असलेच कागद टाइप केले. अक्षर धूसर दिसलं तरी मजकूर कुठे वळणार हे तिला ठाऊक असतं.

"'राजीखुशीने' कितव्या ओळीत आहे?" तिनं विचारलं.

मी पाहिलं. तिसऱ्या. 'राजीखुशीने, स्वसंतोषाने, कोणाच्याही दबावास बळी न पडता, भावांवरील नैसर्गिक प्रेमापोटी व विनामोबदला.'

"हे सगळं माझ्याबद्दल लिहिलंय ना? मग मला कुणी विचारलं का, की बाई, तुझी खुशी आहे का?"

मी गप्प बसले. मला वडिलांनी पाठवलं होतं. कराडजवळच्या आमच्या गावातली साडेपाच एकर जमीन आणि गावातलं घर या दोन्हींवरचा हक्क आत्यानं सोडावा, पुढच्या महिन्यात येऊन दुय्यम निबंधकासमोर सही करावी, एवढं तिच्याकडून वदवून आणायचं होतं. मसुदा तिला पोस्टानंही पाठवता आला असता. पण वडील म्हणाले, "तू जा. तुझं ती ऐकते." मला तो निरोप्याचा मान आवडला नव्हता. तरी मी आले, कारण मला स्वतःलाही वाटत होतं की आत्यानं सही करावी. ते मी तिच्यापासून लपवलं नाही.

दुपारची वेळ होती. कालिकांबाळच्या देवळातून दर्शन घेऊन आम्ही जवळच्याच एका मेसमध्ये बसलो होतो. बाहेर गल्लीत काळ्या कोटांची ये-जा. इथून चार पावलांवर हायकोर्ट, ती १८९२ सालची लाल इमारत, जिच्या घुमटावर एकेकाळी जहाजांसाठी दीपगृह होतं. आत्या या गल्लीला माहेर म्हणते. कराडचं माहेर सुटलं, मग हे मिळालं, असं ती पूर्वी हसत म्हणायची. त्या दिवशी हसली नाही.

"सही केलीस तर काय जाईल तुझं?" मी म्हणाले. "तुला तिथे ऊस लावायचा नाही. मुलगा बंगळूरला. फ्लॅट तुझा स्वतःचा, पेन्शन आहे. बाबांचं आणि काकांचं सगळं त्या जमिनीवर आहे."

"गरज आहे का, असं विचारतेस. हक्क आहे का, असं विचार."

"हक्क आहे. ते कुणी नाकारत नाही."

"नाकारत नाही? अगं, चाळीस वर्षं नाकारलाय. ऐक." आत्यानं बोटं मोजायला सुरुवात केली. "माझं लग्न १९८६ चं. इथे तामिळनाडूनं १९८९ मध्ये मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत वाटा दिला. आमच्या कचेरीत साहेबांनी पेढे वाटले होते. पण त्यात होतं की आधी लग्न झालेल्यांना नाही. महाराष्ट्राचा कायदा आला १९९४ मध्ये. त्यातही तेच. म्हणजे लग्न झालं की मी बापाची मुलगी नाही. मग ९ सप्टेंबर २००५. दिल्लीचा कायदा आला आणि लग्नाची अट गेली. मला वाटलं, आता झालं. तर २०१५ मध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, त्या तारखेला बाप जिवंत पाहिजे. प्रकाश विरुद्ध फुलवती. मी तो निकाल इथेच बसून वाचला. आमचे बाबा गेले २००३ ला. दोन वर्षं आधी. मग ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्माचा निकाल आला. मुलीचा हक्क जन्मानं, बाप तेव्हा होता की नव्हता हा प्रश्नच नाही. मी साठीला टेकले तेव्हा कायद्यानं मला मुलगी म्हटलं. आणि आता तू कागद घेऊन आलीस, की आत्या, सोड."

तारखा ती अशा सांगत होती जशा इतर बायका नातवंडांचे वाढदिवस सांगतात. एका बाईचं आयुष्य एका कायद्याच्या दुरुस्त्यांमध्ये असं सापडलेलं मी पहिल्यांदाच जवळून पाहत होते. आणि मला हेही कळलं की भावांना सहीची घाई आता का झाली. २०२० पर्यंत तिच्या सहीशिवाय चालेल असं त्यांना वाटत होतं.

तरी मी माझं म्हणणं सोडलं नाही. ते खरंच माझं होतं.

"कायदा जन्मानं हक्क देतो," मी म्हणाले, "पण जमीन जन्मानं टिकत नाही. ती कुणीतरी राखावी लागते. दुसरी विहीर बाबांनी कर्ज काढून पाडली. दोन वर्षं पाणी लागलं नाही, तेव्हा आईच्या पाटल्या गेल्या. आजोबांच्या शेवटच्या आजारपणात सहा महिने बाबा दवाखान्याच्या व्हरांड्यात झोपले. आजीला आज सत्त्याऐंशीव्या वर्षी न्हाणीत धरून कोण नेतं? माझी आई. जो गावात राहतो तो राबतो, आणि वाटणीच्या वेळी शहरातली माणसं गुंठ्यांचा हिशेब घेऊन येतात. याचं काय?"

आत्या थोडा वेळ काही बोलली नाही. वेटरनं डबऱ्यात कॉफी आणून ठेवली. तिनं ती पेल्यात ओतली, परत डबऱ्यात ओतली.

"हे खरं आहे," ती म्हणाली. "तुझ्या आईचं मी कधीही फेडू शकणार नाही. पण एक सांग. विहिरीच्या कर्जाचा हिशेब माझ्यासमोर मांडला असता तर मी माझ्या वाट्यातून दिलं नसतं? आईच्या औषधपाण्याचा खर्च धरून माझा हिस्सा कमी करा म्हणाले असते, तर मी भांडले असते? हिशेब करायचा म्हणजे आधी माझा हिस्सा आहे हे मान्य करावं लागतं. ते करायचं नाही, म्हणून सगळं प्रेमावर घातलं."

"भाऊ बहिणीशी वहीखातं मांडतो का?"

"आपल्याकडे मांडलंय. महाराजांनी मांडलंय."

देवळात एक पाटी आहे. शिवाजी महाराज ३ ऑक्टोबर १६७७ रोजी कालिकांबाळच्या दर्शनाला आले होते असं ती सांगते. आत्या तिथे दर वेळी दोन मिनिटं उभी राहते. चेन्नईतल्या मराठी माणसाला ती पाटी म्हणजे रेशनकार्डासारखी वाटते, आपण इथले आहोत याचा दाखला. मी तिच्याकडे अभिमानाची गोष्ट म्हणूनच पाहत आले होते. त्या वर्षी महाराज दक्षिणेत कशाला उतरले होते, याचा घरगुती बाजूनं मी विचारच केला नव्हता.

"जिंजी, वेल्लोर, ते सगळं आहेच," आत्या म्हणाली. "पण शहाजीराजे गेले १६६४ ला. कर्नाटकातली सगळी जहागीर धाकट्या सावत्र भावाकडे, व्यंकोजीराजांकडे. तंजावर त्यांनी त्यानंतर घेतलं. थोरल्या भावाला तेरा वर्षं कुणी विचारलं नाही. मग रघुनाथपंत हणमंते, तो घरचाच कारभारी, व्यंकोजीशी बिनसून महाराजांकडे आला. महाराज आले आणि कोळ्ळिडमच्या काठी तिरुमळवाडीला भावाला भेटले. अर्धा वाटा मागितला. एवढं स्वराज्य उभं केलेल्या माणसाला त्या जहागिरीची गरज होती का? पण बापाचं आहे, त्यात माझं आहे, हे त्यांनी तोंडावर सांगितलं."

"आणि भाऊ एका रात्री नदी ओलांडून पळून गेला," मी म्हणाले. "हे पण सांग. समोर बसून बोलायला आलेला भाऊ पळाला, कारण त्याला भीती वाटली. पुढे नोव्हेंबरात वालिकंडपुरमला दोघांच्या फौजा एकमेकांवर गेल्या. एका बापाच्या नावानं दोन्हीकडची माणसं मेली. शिवाय व्यंकोजीराजांची बाजू ऐकलीस तर ती बाबांचीच आहे. जहागीर विजापूरची, चाकरी मी केली, लढलो मी, तंजावर घेतलं मी. आता वाटा कसला?"

"मान्य," आत्या चटकन म्हणाली. मला ते अपेक्षित नव्हतं. "तंजावर त्यांनी स्वतः मिळवलं होतं, ते त्यांचंच. आणि तहात ते त्यांच्याकडेच राहिलं. म्हणजे हिशेब झाला, बघ. बापाचं किती, स्वतःचं किती, हे वेगळं काढलं गेलं. भांडणानं ते झालं हे वाईट. पण न बोलता तेरा वर्षं जी मळमळ साठली होती, तिच्यापेक्षा ते बरं."

"आणि तह घडवला कुणी? दीपाबाईंनी. व्यंकोजीराजांच्या या राणीनं नवऱ्याची समजूत काढली. महाराजांनी बंगळूर आणि आसपासचे महाल त्यांना चोळीबांगडीसाठी दिले. असं मोठ्या मनानं वागलं तर—"

"थांब."

तिनं हात टेबलावर आडवा ठेवला.

"चोळीबांगडी. हा शब्द तू कौतुकानं बोललीस. मीही बोलायचे. दीपाबाई शहाण्या होत्या, त्यांनी दोन भावांना वाचवलं, आणि महाराजांनी त्यांचा मान ठेवला, यात मला शंका नाही. बंगळूर काय लहान गोष्ट आहे? पण शब्द बघ. व्यंकोजीला मिळतं ते राज्य. बाईला मिळतं ते चोळीबांगडी. बंगळूर दिलं तरी नाव चोळीचं! आणि तीनशे-साडेतीनशे वर्षांनी बंगळूर गेलं, नुसती चोळी राहिली. मला दर भाऊबीजेला साडी येते. कुरिअरनं. तुझा बाबा स्वतः निवडतो, मला माहीत आहे, मला आवडणारा आमसुली रंग त्याला अजून लक्षात आहे. ती साडी हातात घेतली की मला रडू येतं, आणि मग वाटतं, ही माझ्या सव्वा एकराची पावती आहे."

मला काही सुचलं नाही. वडिलांना ती साडी घेताना मी पाहिलं आहे. दुकानात ते अर्धा तास उभे राहतात. त्या अर्ध्या तासात पावतीचा विचार त्यांच्या मनात नसतो, हे मी शपथेवर सांगेन. पण आत्याचं म्हणणंही खोटं नव्हतं. एकच साडी दोघांच्या हातात दोन वेगळ्या गोष्टी होत्या.

मी कॉफी संपवली. गल्लीत एका टाइपिस्टच्या खिडकीवर पाटी होती, 'ईसी' काढून मिळेल म्हणून. ईसी म्हणजे मिळकतीवर कुणाचा बोजा आहे की नाही याचा दाखला. आत्या म्हणाली, तमिळमध्ये त्या बोज्याला विल्लंगम म्हणतात, आणि बोलताना विल्लंगम म्हणजे भानगड, कटकट. "इथल्या माणसाला दोन्हींसाठी एकच शब्द पुरतो." मग तिनं मला आणखी एक शब्द दिला, पंगाळी. पंगु म्हणजे वाटा. पंगाळी म्हणजे वाटेकरी, आणि तोच शब्द भाऊबंदांसाठी. "ते लोक नात्यालाच वाटा म्हणतात. सरळ. आणि आपण? आपण वाट्याच्या भांडणाला भाऊबंदकी म्हणतो. नातं आणि भांडण एकाच शब्दात कोंबलं. खाडिलकरांनी १९०९ मध्ये त्या नावाचं नाटक लिहिलं तेव्हा प्रेक्षकांना त्याचा अर्थ सांगावा लागला नसेल."

"तमिळ माणसं काय कमी भांडतात?"

"मुळीच नाही. तीस वर्षं त्यांचेच दावे टाइप केलेत. शिवाजी गणेशनचा 'भाग पिरिविनै' आला होता, १९५९ चा, वाटणीचाच सिनेमा. माझ्या सासूनं चार वेळा पाहिला आणि चारही वेळा रडली. भांडण सगळीकडे आहे. मी फक्त म्हणते की वाट्याला वाटा म्हणू या."

सासूबाईंचा विषय निघाला तसं मी माझा शेवटचा आणि मला सगळ्यात पक्का वाटणारा मुद्दा काढला. आत्याचं सासर मूळ तंजावरचं. तीन शतकं तमिळ मुलखात राहून घरात मराठी बोलणारं. तंजावरच्या राजवाड्याची कज्जेदलाली त्या घरात गोष्टीसारखी सांगितली जायची. आत्याकडूनच मी ती लहानपणी ऐकली होती.

"दुसरे शिवाजीराजे १८५५ ला गेले," मी म्हणाले. "मुलगा नव्हता. कंपनीनं राज्य तर घेतलंच, वर वाड्यातलं खाजगी सामानही ताब्यात घेतलं. थोरल्या राणी कामाक्षीबाई मद्रासच्या कोर्टात गेल्या. इथे त्या जिंकल्या. १८५९ ला लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलनं निकाल फिरवला, की हे राज्यसत्तेचं कृत्य आहे, कुठल्याही न्यायालयाला त्यात हात घालता येणार नाही. बरोबर? मग १८६२ ला सरकारनं खाजगी मिळकत राण्यांना परत दिली. इथपर्यंत सगळ्या एक होत्या. समोर कंपनी होती म्हणून. मिळकत हातात आली, आणि काही वर्षांत धाकट्या राण्या थोरल्या राणीविरुद्ध मद्रास हायकोर्टात. १८६८ चा निकाल आहे. तूच दाखवला होतास. परक्यानं लुटलं तेव्हा जे कुटुंब फुटलं नाही ते परत मिळाल्यावर फुटलं. १९१२ ला शेवटची राणी गेली, की पुन्हा दावा. दत्तकाचे लोक, दासीपुत्रांचे लोक, लांब कोल्हापूरचे महाराज. त्या निकालाचं नावच कोल्हापूरचे महाराज विरुद्ध सुंदरम अय्यर. १९२४ पर्यंत! दासीपुत्रांना वाटा मिळतो की नाही हे वर्णावर ठरणार, म्हणून भोसल्यांचं घराणं क्षत्रिय की शूद्र यावर परक्यांच्या कोर्टात खल झाला. ज्या घराण्यानं बृहदीश्वराच्या भिंतीवर १८०३ मध्ये आपला इतिहास मराठीत कोरून ठेवला, त्या घराण्याचं हे झालं. तुला आमचं असं व्हायला हवंय?"

मी जरा जोरात बोलले असावे. शेजारच्या टेबलावरचे वकील वळून पाहू लागले. आत्या शांत होती. कागदांच्या गठ्ठ्यात तिनं आयुष्य काढलं आहे, तिला कोर्टाची भीती दाखवून उपयोग नव्हता. पण कोर्टाबद्दल तिला प्रेमही नव्हतं.

"नाही," ती म्हणाली. "वाटणीचा दावा म्हणजे काय ते तुझ्यापेक्षा मी जास्त जाणते. आधी प्राथमिक हुकूमनामा. मग कमिशनर जमीन मोजायला जाणार. मग अंतिम हुकूमनामा. मधे एखादा प्रतिवादी मरतो, त्याचे वारस रेकॉर्डवर आणायचे. ते आणेपर्यंत दुसरा मरतो. मी एका दाव्यात आजोबाचं नाव टाइप केलं होतं आणि निवृत्त व्हायच्या आधी त्याच दाव्यात नातवाचं. मी कोर्टात जाणार नाही. हे तुझ्या बाबाला मी अजून सांगितलेलं नाही, कारण ते कळलं की तो निर्धास्त होईल."

"मग?"

"पण तू तंजावरची गोष्ट अर्धी सांगितलीस. सरस्वती महाल सोडलास."

सोडला होता खरा. त्या भांडणाच्या भर मध्यात, १९१८ साली, राजघराण्यातल्या माणसांनी सरफोजीराजांचा तो ग्रंथसंग्रह लोकांसाठी सोडून दिला, आणि त्याच्या देखभालीसाठी एक लाख रुपयेही. ५ ऑक्टोबर १९१८ ला मद्रास सरकारनं आदेश काढून तो ताब्यात घेतला. आज तिथे तीन हजारांहून जास्त मराठी हस्तलिखितं आहेत. आणि मोडी कागदांचे रुमालच्या रुमाल. मी ते रुमाल पाहिले आहेत, लाल कापडात बांधलेले, वाळवी लागू नये म्हणून जपलेले. वाड्यातले दागिने, हत्ती, चांदीचे हौदे कुणाच्या वाट्याला गेले ते आज कुणाला आठवत नाही. हे उरलं.

"तेच तर मी म्हणतेय!" मी म्हणाले. "हातचं सोडलं, म्हणून टिकलं. तूही सोड."

"त्यांनी कुणाला सोडलं? एका भावाला सोडलं का? सगळ्यांना दिलं. आणि सोडण्याआधी ते त्यांचं होतं, हे सरकारनंही मानलं होतं. मी काही देणार असेन तर आधी ते माझं असू दे. सातबाऱ्यावर वारस म्हणून माझं नाव लागू दे. एक वर्ष, सहा महिने. मग मी काय करीन ते माझं मी ठरवीन. कदाचित तुझ्या आईच्या नावावर करीन. भावांच्या नाही, तुझ्या आईच्या. न्हाणीत धरून नेते ना ती? त्या साडेपाच एकरांत तिचं नाव कुठे आहे?"

हे मला लागलं. माझ्या आईच्या पाटल्या विहिरीत गेल्या हे मी आत्याला मोठ्या तोंडानं सांगितलं होतं. पण त्या विहिरीच्या कागदावर आईचं नाव असावं, असं माझ्या मनात कधीच आलं नव्हतं. मी भावांच्या बाजूनं बोलताना आईचे कष्ट वापरत होते. तिथून पुढे आत्याशी वाद घालायचा माझा हुरूप गेला. पटलं म्हणून गेला, की थकून, ते त्या वेळी सांगता आलं नसतं. आज सांगते, पटलं. नावाची नोंद झाल्याशिवाय मागितलेली सही म्हणजे भावांचा लोभच असेल असं नाही, पण तिच्यात बहिणीला विचारण्याचा कंटाळा नक्की आहे. आणि तो कंटाळा आमच्या भागातल्या किती घरांत आहे हे मी जाणते. दुय्यम निबंधकाच्या कचेरीबाहेरच्या बाकावर पदर सावरत बसलेल्या बायका मी पाहिल्या आहेत. भाऊ चहा आणतो, वकील बोट धरून सही कुठे ते दाखवतो, आणि मग सगळे मिळून जेवायला जातात.

एका बाबतीत मात्र आत्याचंही चुकत होतं. ते मला तेव्हाच बोलता आलं.

"घराचं काय?" मी विचारलं. "जमिनीचं ठीक आहे. पण घराच्या कलमावर तू काहीच बोलली नाहीस."

तिनं आता चष्मा काढला आणि दुसरं कलम वाचलं. 'तसेच मातोश्रींच्या पश्चात मला भविष्यात मिळू शकणाऱ्या घरमिळकतीतील हक्काबाबतही...' ती वाचता वाचता थांबली.

"हे कायद्यानं होतच नाही. मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२, कलम ६. वारस होण्याची नुसती आशा हस्तांतरित करता येत नाही. जे अजून मिळालेलंच नाही ते सोडणार कसं? घर आईचं आहे. बाबांनी तिच्या नावावर घेतलं, १९५६ च्या कायद्यानं ते पूर्ण तिचं. ती विकेल, देवळाला देईल, मोलकरणीला देईल. माझा, तुझ्या बाबाचा, कुणाचाही त्यात आज काडीचा हक्क नाही. कुठल्या वकिलानं लिहिलं हे?"

"मग तू मागच्या दिवाळीला काकांना फोनवर काय म्हणालीस? घराच्या पुढच्या दोन खोल्या मला पाहिजेत."

आत्यानं चष्मा खाली ठेवला.

"म्हणाले होते," ती हळू म्हणाली.

"काका म्हणतात पाडून बांधायचं. बाबा म्हणतात तळमजल्याला गाळे काढायचे. तू म्हणतेस पुढच्या खोल्या. आजी माजघरात असते, आत्या. तिला आता कमी ऐकू येतं म्हणून सगळे तिच्यादेखत बोलतात. कोण कुठली भिंत घेणार ते. दिवाळीत मी तिथे होते. ती सुपारी कातरत होती आणि हे सगळं तिच्या डोक्यावरून चाललं होतं."

बराच वेळ आम्ही दोघी गप्प होतो. वेटरनं बिल आणून ठेवलं. आत्यानं ते माझ्या हातून ओढून घेतलं आणि पैसे दिले. मग फोन काढला.

पलीकडून वडिलांचा आवाज आला. "झालं का गं?"

"आईला दे," आत्या म्हणाली.

"मसुदा बघितलास का?"

"बघितला. जमिनीचं मी तुझ्याशी रात्री बोलते, सगळं बोलते, लपवणार नाही. आता आईला दे. आणि तू जरा बाहेर जा."

खरखर झाली. मग आजीचा श्वास ऐकू आला. ती फोन नेहमी तोंडाच्या फार जवळ धरते.

"आई, मी. मोठ्यानं बोलू का? ऐकू येतंय? तुला एक विचारायचं होतं. घर तुझं आहे. तुझ्या मनात काय आहे त्या घराचं?"

"काय?"

"घराचं! तुला काय करावंसं वाटतं?"

फोन स्पीकरवर होता. मेसमधला पंखा घरघरत होता. आजी इतका वेळ बोलली नाही की मला वाटलं फोन कट झाला. मग ती म्हणाली, "मला कुणी विचारतंय होय," आणि पुन्हा थांबली. आत्याचे डोळे भरले होते. तिनं तोंडावर पदर धरला आणि मला खूण केली, लिही.

"आधी न्हाणीत दिवा लावा," आजी म्हणाली. "मागल्या पावसाळ्यापासनं नाही. सूनबाई बॅटरी धरते, पण तिला एका हातानं मला धरावं लागतं. आणि उंबरा तोडा तिथला. पाय अडकतो. पुढच्या खोलीत मला खिडकीपाशी खाट टाका, माजघरात दिवस कळत नाही. आणि तुळशीचं वृंदावन हलवायचं नाही, गाळे काढा नाही तर काय काढा."

माझ्याकडे दुसरा कागद नव्हता. मसुदा उलटा केला आणि त्याच्या कोऱ्या बाजूवर मी लिहून घेऊ लागले. न्हाणीत दिवा. उंबरा. खिडकीपाशी खाट.

"लिहितीयस का?" आजीनं विचारलं.

"लिहितेय, आजी."

"सावकाश लिही. अजून आहे."